माळावरच्या पाठी

आईचं अंग पुरतं थंडही झालं नव्हतं, तेव्हाच माझ्या भावाने तिच्या हातांत पांढरे मोजे चढवायला घेतले. बरीच खटपट करावी लागली त्याला. तिची बोटं सांध्यांपाशी गाठाळलेली, आणि मोजे कुणा नाजूक बाईच्या मापाचे. शेवटी उजवा अंगठा तसाच बाहेर राहिला. त्याने वरून चादर ओढली.

"लोक येतील आता," तिमेल म्हणाला.

"लोकांनी आईचे हात पाहिले नाहीत का कधी?"

"ताई, आज नको."

आईचे हात मनगटापर्यंत काळे होते. आमच्या केल्वर गावात अक्रोड फोडणाऱ्या सगळ्याच बायकांचे असतात. हिरव्या सालीचा रस एकदा कातडीत मुरला की राख लावा, लिंबू चोळा, जात नाही. चाळीस वर्षं ती घाण्यामागच्या पडवीत बसून लाकडी मोगरीने अक्रोड फोडत होती. त्याच अक्रोडांचं तेल पटघरातल्या मोठ्या चित्राच्या, म्हणजे पटाच्या, रंगात पडतं, पटापुढच्या दिव्यात जळतं. आणि त्या दिव्यापुढे उभं राहायचं तर काळ्या हातांच्या बायकांनी मोजे घालून यावं, असा दंडक आहे. दंडक करणाऱ्यांना यात काही विचित्र वाटलं नाही. त्यांना फारसं कशातच काही वाटत नाही.

माणूस गेलं की नवव्या दिवशी त्याची एक वस्तू पटघरात न्यायची. एकच. पटाचे राखणदार ती जाळून किंवा कुटून तिची पूड करतात, तेलात घोटतात, आणि पटावर जो माळ रंगवलेला आहे त्याच्या खालच्या कोपऱ्यात बोटभर रंग लावतात. त्या रंगातून गेलेलं माणूस वर येतं. एक दिवा जळेपर्यंत माळावर असतं, मग गवतात विरतं. पुन्हा कधी दिसत नाही. हे खरं आहे, मी तीसेक वेळा डोळ्यांनी पाहिलं आहे. जिने कुणी तो पट रंगवला तिच्याविषयी माझी काहीच तक्रार नाही. तक्रार आहे ती बघणाऱ्यांबद्दल.

कारण आमची मेलेली माणसं माळावर पाठमोरी उभी राहतात. सगळी. आणि केल्वरला याचा अभिमान आहे. पाठ म्हणजे माणूस सुटलं, त्याला मागचं काही उरलं नाही. पाठींवर आमच्याकडे ग्रंथ आहेत. मी ते वाचले आहेत, आणि तो वेळ मला परत मिळणार नाही. ताठ पाठ, किंचित डावीकडे कलती पाठ, डोकं झुकवलेली पाठ, प्रत्येकीचं फळ वेगळं. दुसऱ्या दिवशी विहिरीवर बायका म्हणतात, "काय सुरेख पाठ होती हो तुमच्या सासऱ्यांची!" सोयरीक जुळवताना तीन पिढ्यांच्या पाठी विचारतात.

तोंड दिसलं तर नामुष्की. माझ्या आठवणीत ते एकदाच घडलं. हास्कन नावाचा एक दारुडा होता. त्याच्या बायकोकडे न्यायला काहीच नव्हतं म्हणून ती त्याचा मातीचा पेला घेऊन आली. हास्कन वर आला तो थेट आमच्याकडे तोंड करून. त्याने पेला तिच्या दिशेने उंचावला, आणि ती बाई सगळ्या पटघरात एकटीच मोठ्याने हसली. महिन्याच्या आत तिला गाव सोडावं लागलं. मी तेव्हा एकोणीस वर्षांची होते. तिच्या चेहऱ्यावर त्या वेळी जे होतं, ते कुठल्याही सुरेख पाठीसमोर उभ्या असलेल्या कुणाच्या चेहऱ्यावर मला नंतर दिसलं नाही.

मला आईचा चेहरा हवा होता. एवढंच. शेवटच्या चार महिन्यांत आजाराने तिच्या तोंडाची एक बाजू सुजून खाली ओघळली होती, डोळा बुजला होता. मी जे डोळे मिटले ते माझ्या आईच्या चेहऱ्यावरचे वाटत नव्हते. आणि आता डोळ्यांपुढे आणायला गेले तर तेच तोंड समोर यायचं. आधीचं कसं होतं ते आठवेना. चाळीस वर्षं ज्या चेहऱ्यासमोर मी जेवले, तो चार महिन्यांत पुसला गेला होता. तो परत मिळण्याची जागा एकच होती, आणि संधीही एकच.

तिमेल तेव्हा पटघराचा नोंदणीस होता. कोण वर आलं, कसं उभं राहिलं, हे वहीत लिहायचं त्याचं काम. त्या हंगामाच्या शेवटी तो राखणदारीची शपथ घेणार होता. अक्रोड फोडणारीचा मुलगा राखणदार, हे केल्वरमध्ये पहिल्यांदाच होणार होतं, आणि तो ते विसरत नव्हता, दुसऱ्यांनाही विसरू देत नव्हता. त्याचं अक्षर मात्र अतिशय वाईट आहे. म्हणून जीर्ण झालेल्या वह्यांच्या नकला करायचं काम तो गुपचूप घरी आणून मला द्यायचा. अशा रीतीने पटघराची सगळी दप्तरं माझ्या नजरेखालून गेली, जे बहुधा कुठल्याच राखणदाराबद्दल म्हणता येणार नाही.

सगळ्यात जुन्या वहीत मजकूर असा होता, आधी वस्तू, मग गेलेल्या माणसाने काय केलं ते: कलथा. पाहिलं, हसली. आरी. पाहिलं, शिवी दिली. पाळण्याची दोरी. पाहिलं, ओठांवर बोट ठेवून सगळ्यांना गप्प केलं. अशी पानंच्या पानं. मग एका वर्षी कुणीतरी चांदीची घंटा आणली. पाठ. मग अंगठी: पाठ. ग्रंथ: पाठ. पुढच्या वह्यांत चांदीच चांदी आणि पाठीच पाठी. यावरून आमच्या विद्वानांनी काय काढलं? की जुने लोक संसारात गुंतलेले होते, पुढे पुढे गाव पुण्यवान होत गेलं.

सातव्या दिवशी मी थोरल्या राखणदारांना, बेल्कोरना, हे सांगायला गेले. ते भिजवलेले मनुके खात बसले होते.

"थोरले, जी वस्तू त्या माणसाच्या हाताला कधी लागलीच नाही, ती आणली तर ते माणूस आपल्याकडे वळेल तरी कशाला?"

"बाई, वाचन फार झालं की असं होतं," ते म्हणाले. "पोटात जसा वायू धरतो ना, तसा डोक्यात धरतो. माझ्या वडिलांची पाठ पाहिली होतीस तू?"

"पाहिली होती."

"खांद्यापासून टाचेपर्यंत एक रेघ. आजही लोक नाव काढतात."

"वस्तू कुठली होती त्यांची?"

"ग्रंथाचा चांदीचा चाप."

"ते वाचायचे?"

बेल्कोरनी एक मनुका नीट चावून खाल्ला. "घरात ग्रंथ होता," ते म्हणाले.



"हे बघ," ते जरा मऊ आवाजात म्हणाले, "डोळे तू मिटलेस, म्हणजे वस्तू तूच आणणार. रीत आहे, मी ती मोडणार नाही. पण भावाचा विचार कर. ज्याच्या आईचं तोंड सगळ्या गावाने पाहिलं, त्याला मी शपथ कशी देऊ? लोक काय म्हणतील?"

"लोक काय म्हणतात ते तुम्हीच तर ठरवता."

"तेच तर," बेल्कोर म्हणाले. ते गमतीने म्हणाले नाहीत.

घरी तिमेल वाट पाहत होता. समोर रुमालावर एक चांदीची सुईदाणी होती, त्याच्या सासुरवाडीची. झाकणावर कबुतरं कोरलेली.

"आईने शिवलं कधी?" मी विचारलं.

"कुणाला काय माहीत?"

"सगळ्यांना माहीत आहे. तुझ्या सदऱ्यांची बटणं दुश्रामावशी लावून द्यायची. आईने लावलेली संध्याकाळपर्यंत टिकत नव्हती."

"ताई, तुला काय न्यायचंय ते मला कळतंय." तो मोगरीकडे बघत नव्हता. ती चुलीशेजारी होती, नेहमीच्या जागी. मुठीशी घासून घासून बारीक झालेली. "तू त्या वह्या वाचून काढलंस ते खरंही असेल. मी म्हणत नाही खोटं आहे."

"मग?"

"मग आई तिथे बसेल. फतकल मारून. काळे हात घेऊन, सगळ्या गावापुढे. माझे वरिष्ठ घरी आले की हात पदराखाली घ्यायची ती, आठवतं? तिला लाज वाटायची. आणि तू शेवटच्या दिवशी तेच हात चव्हाट्यावर मांडणार? का, तर तुला चेहरा बघायचाय."

हे त्याचं वाक्य मला लागलं. मी ते कबूल करते, कारण त्याच्या आयुष्यातलं तेवढंच एक वाक्य विचार करण्याजोगं होतं. ती हात पदराखाली घ्यायची हे खरं होतं. पण पडवीत तिच्या शेजारी बसणारी दुश्रामावशी आली की घ्यायची नाही. माझ्यासमोर घ्यायची नाही. तिमेल नोंदणीस होईपर्यंत त्याच्यासमोरही घेत नव्हती.

"तिला लाज वाटायची ती हातांची नाही," मी म्हणाले. "तुला लाज वाटते, हे तिला कळायचं. म्हणून घ्यायची."

"तुझं बरं आहे. तुला काय व्हायचंच नाहीये कधी."

"नाही."

"माझी शपथ जाईल, ताई."

"जाऊ दे."

तो उठला. सुईदाणी त्याने तिथेच ठेवली, मला पाझर फुटेल या आशेने. माझ्याबद्दल इतकी आशा त्याने का बाळगावी, हे मला कळलं नाही.

नवव्या दिवशी सकाळी पटघर भरलं होतं. अक्रोड फोडणारीच्या पाठीला एरवी वीस माणसंही जमत नाहीत. ही गर्दी होणाऱ्या राखणदाराच्या आईसाठी होती. पुढे मानाची घरं, मागे भिंतीला लागून पडवीतल्या बायका, मोजे घालून, शाळेतल्या मुलींसारख्या हात पुढे धरून उभ्या. तिमेल वही उघडून पटाच्या डाव्या अंगाला उभा होता. बेल्कोरनी माझ्यापुढे तबक धरलं. मी त्यात मोगरी ठेवली.

"हे काय?"

"मोगरी."

"ते दिसतंय मला. सुईदाणीचं ठरलं होतं ना?"

"माझ्याशी नव्हतं ठरलं."

पुढच्या रांगेत कुजबुज झाली. मागून दुश्रामावशीचा आवाज आला, "आणायचीच तर माझी आणायचीस गं, ती जरा बऱ्यातली आहे." दोघी-तिघी हसल्या आणि लगेच गप्प झाल्या.

बेल्कोरनी तिमेलकडे पाहिलं. तिमेलने वहीकडे पाहिलं. रीत मोडायची नसल्यामुळे मोगरी शेगडीवर गेली. चाळीस वर्षांचं तेल प्यालेलं लाकूड ते. भडका एवढा उठला की मानाच्या बायका ओढण्या सावरत मागे सरल्या. कोळसा झाला, तो खलात कुटला, तेलात घोटला. बेल्कोरनी बोट बुडवून माळाच्या कोपऱ्यात टेकवलं आणि दिवा लावला.

काळ्या रंगातून आई वर आली. उभी नव्हती, बसली होती. गुडघ्यांमध्ये ठोकळा, हातात मोगरी, मान खाली. आम्हाला तिच्या केसांतला भांग तेवढा दिसत होता. ही पाठ नव्हती आणि तोंडही नव्हतं. पटघरात गोंधळ उडाला, कारण एवढ्या ग्रंथांत भांगाबद्दल कुणीच काही लिहून ठेवलेलं नव्हतं.

ती फोडत होती. एक ठोका, टरफल बाजूला, गर टोपलीत. एक ठोका. आवाज येत नव्हता, पटातून येत नाही. मी तिथे उभी होते, आणि माझ्या लक्षात आलं की मी ही एक गोष्ट हिशेबात धरलीच नव्हती. काम करताना ती कधी वर बघायची नाही. दिवा अर्ध्यावर आला होता.

बेल्कोरना हे काय आहे ते कळेना. ते नीट बघायला म्हणून पुढे वाकले आणि बरोबर दिवा आणि पट यांच्यामध्ये आले. त्यांची सावली माळावर पडली, आईच्या मांडीवर, ठोकळ्यावर.

आईने मान वर केली.

तोच चेहरा. दोन्ही गाल सारखे, दोन्ही डोळे उघडे, कपाळावर आडवी आठी, वरच्या ओठाशी तो चिकटलेला टरफलाचा कण, जो दिवसभर कुणी सांगितला तरी ती पुसायची नाही. ती वैतागली होती. तिने मोगरीनेच खूण केली आणि काहीतरी म्हणाली. शब्द ऐकू आले नाहीत, पण मागून दुश्रामावशी सवयीने बोलून गेली, "बाजूला हो, उजेड अडतोय."

आणि केल्वरचे थोरले राखणदार, पाठींवरच्या दोन ग्रंथांचे कर्ते, चटकन बाजूला झाले.

मग तिने मला पाहिलं. विशेष काही नाही. मी बाजारातून आले की बघायची तसं, आलीस का, अशी हलकी मान हलवली. मला एवढं पुरेसं होतं. त्यानंतर तिने एक अक्रोड फोडला, त्याचा गर अख्खा निघाला, दोन्ही पाकळ्या न तुटता. असा गर निघाला की ती टोपलीत टाकायची नाही. तिने तो काळ्या तळव्यावर घेतला आणि हात पुढे केला. माझ्याकडे नाही, मला अक्रोड आवडत नाहीत हे तिला माहीत होतं. ती डावीकडे बघत होती, जिथे तिमेल उभा होता. लहानपणी तो तिच्या डाव्या गुडघ्याशी बसायचा आणि असे अख्खे गर त्याचे असायचे.

तिमेलचे डोळे गच्च मिटलेले होते. वही छातीशी धरून, पापण्या आवळून तो उभा होता, पट्टी बांधल्यासारखा. पाहिलंच नाही तर पुढे शपथेवर काहीही सांगता येतं, असा त्याने विचार केला असावा. त्याने विचार केला की साधारण असंच काहीतरी निघतं.

आईने हात बराच वेळ धरून ठेवला. डोकं थोडं कलतं करून ती बघत राहिली, हा गेला कुठे, अशा नजरेने. मग तिने तो गर टोपलीत न टाकता ठोकळ्याच्या कडेला वेगळा ठेवला, आणि पुढचा अक्रोड घेतला. दिवा फडफडला. गवत उरलं.

बेल्कोर घसा साफ करून म्हणाले, "नोंदणीस, काय पाहिलं?"

तिमेलने डोळे उघडले. रिकाम्या माळाकडे पाहिलं, पुढच्या रांगेकडे पाहिलं, मग टाक बुडवून लिहिलं आणि वाचून दाखवलं. "मोगरी. पाठ."

"पाठ," बेल्कोर म्हणाले.

"पाठ," पुढची रांग म्हणाली. त्यांच्या आवाजात खरोखरची सुटका होती. कुणीतरी भर घातली, "ताठ होती."

"मग मी काय झोपले होते?" दुश्रामावशी म्हणाली. तिने एकदा बायकांकडे पाहिलं. त्या आपापल्या मोज्यांकडे बघत होत्या. एकीचा जावई पटघरात दिवे लावायला आहे, दुसरीचा मुलगा लागायचा आहे.

दुसऱ्या दिवशी मी विहिरीवर गेले. बेल्कोरची सून मला म्हणाली, "तुमच्या आईची, ओर्झाबाईंची, पाठ काय सुरेख होती हो! अशा कामातल्या बाईची इतकी ताठ म्हणजे नवलच." ती खोटं बोलत नव्हती. मी तिच्या डोळ्यांत नीट पाहिलं. एका रात्रीत तिला पाठच आठवायला लागली होती. हास्कनच्या वेळी गावाने निदान जे पाहिलं त्याचा राग तरी धरला होता. आता तेवढेही कष्ट घ्यायची गरज उरलेली नाही.

तिमेलची शपथ ठरल्या दिवशी झाली. मी गेले नाही. चार दिवसांनी तो घरी आला, राखणदाराचा झगा घालून, हातात मिठाईची टोपली. बसला. चुलीशेजारच्या रिकाम्या जागेकडे बघत राहिला. मी समोर नक्कल करत होते. ते काम त्याने थांबवलेलं नव्हतं.

"ताई."

"हं."

"तिने काय केलं?"

"कुणी?"

"असं काय करतेस. आईने. मी... माझं लक्ष वहीत होतं."

"तू लिहिलंयस ना."

"लिहिलंय गं. मी तुला विचारतोय. तिने माझ्याकडे बघितलं का?"

मी टाक पुसून ठेवला. त्याच्या चेहऱ्यावर सहा वर्षांच्या मुलाचा भाव होता, आणि तो झगा त्याला खांद्यात मोठा होत होता. क्षणभर मला वाटलं, सांगावं.

"पाठ होती, तिमेल," मी म्हणाले. "ताठ."

तो टोपली तिथेच ठेवून गेला. आई असती तर म्हणाली असती, सांगून टाक गं, तेवढंच त्याला बरं वाटेल. पण मी आई नाही. ती वही आता त्याच्या ताब्यात आहे, आणि त्यातली ती एक ओळ खोडून खरी ओळ लिहायला त्याला माझ्या सुंदर अक्षराची गरज नाही. आधी ती ओळ त्याने खोडावी. मग येऊन विचारावं.